दावा मागे घेऊ नये

मी, खाली सही करणार, वय वर्षे एकाहत्तर, धंदा सरकारी बांधकामांची ठेकेदारी, हे माझे मृत्युपत्र आज स्वतःच्या हाताने लिहून ठेवते. ठेकेदार म्हणून माझी नोंदणी आजही चालू आहे. दर तीन वर्षांनी फी भरून मी ती चालू ठेवली, काम मिळावे म्हणून नव्हे, तर ‘ही बाई कोण’ असे कोणी विचारू नये म्हणून. माझे डोके ठिकाणावर आहे, तसा डॉक्टरांचा दाखला सोबत टाचला आहे. गुडघे ठिकाणावर नाहीत, पण मृत्युपत्राला गुडघे लागत नाहीत असे आमच्या वकीलबाईंनी सांगितले. हे लिहायला मला कोणी भाग पाडलेले नाही. भाग पाडायला जे आले होते ते दुसराच कागद घेऊन आले होते, आणि त्यावर मी सही केली नाही. ते पुढे येईलच.

यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. मरायला सवड नव्हती.

माझे यजमान चौदा वर्षांपूर्वी वारले. ते मूळचे गवंडी. मी त्यांच्याच हाताखाली विटा वाहायला होते, तिथे ओळख झाली आणि लग्न झाले. पुढे दोघांनी मिळून लहानमोठी कामे घेतली, आणि धाकट्या दिराला चार आण्यांचा भागीदार करून ठेकेदारीची पेढी नोंदवली. आम्हाला एकच मुलगा, उशिरा झालेला. तो आज चौतीस वर्षांचा आहे व विमा कार्यालयात नोकरी करतो. सून माझ्याजवळच असते. एवढीच माझी माणसे. आता एकेक कलम.

१. राहते घर

खाली दोन खोल्या, वर दोन खोल्या आणि गच्ची. ही मिळकत स्वकष्टार्जित आहे. हा शब्द वकीलबाईंनी घातला, पण तो माझ्या इतका उपयोगाचा आहे की मला सुचला नाही याचे वाईट वाटले. घर पहिल्यापासून माझ्या नावावर आहे, कारण ह्यांना सरकारी कागदावर सही करायची म्हटले की डोके दुखायचे. हे घर मी माझ्या मुलाला देते, पूर्णपणे व कोणतीही अट न घालता.

घरावर आज कोणाचाही बोजा नाही. मध्ये सात वर्षे होता. तो का होता हे मुलाला ठाऊक आहे, पण पुढे कोणी विचारील म्हणून लिहिते.

पाणीपुरवठा मंडळाने वरच्या वस्तीसाठी पाण्याची उंच टाकी बांधायचे काम काढले आणि ते आम्हाला मिळाले. आमच्या आयुष्यातले सर्वांत मोठे काम. नकाशात पाया तीन मीटर खोल होता. तीन मीटर खणल्यावर खाली कातळ लागायला हवा होता, तिथे काळी ओली माती लागली. मुठीत धरली तर बोटांमधून बाहेर येत होती. ह्यांनी काम थांबवले आणि मंडळाच्या अभियंत्याला बोलावले. ते आले, खड्ड्याच्या कडेला उकिडवे बसले, चष्मा काढून पुसला, परत घातला. मग म्हणाले, “कातळ लागेपर्यंत खाली जा.”

ह्यांनी विचारले, “लेखी द्याल ना साहेब?”

“कागदाचं काय, उद्या येतो. टाकी कलली तर तुम्ही आणि मी दोघेही आत जाऊ. खणा.”

कागद दुसऱ्या दिवशी आला नाही, तिसऱ्या दिवशीही आला नाही. हे म्हणाले, थांबू. मी म्हणाले, खणा. हे मी इथे स्वच्छ लिहून ठेवते, कारण नंतर सगळे जण ह्यांना भोळा म्हणाले. भोळे ते नव्हते. ओला खड्डा उघडा ठेवला की त्याच्या कडा ढासळतात आणि आत माणसे असतात. म्हणून मी कागदाची वाट पाहू दिली नाही. तीच परिस्थिती परत आली तर परत तेच सांगेन.

कातळ पाच मीटर वीसला लागला. जवळजवळ दुप्पट खोदाई, दुप्पट काँक्रीट, आणि सळईचा तर हिशेबच नको. त्या सळईसाठी हे घर बँकेकडे गेले. टाकी उभी राहिली. पाणी सोडले त्या दिवशी वरच्या वस्तीतल्या बायका नळाखाली नुसते हात धरून उभ्या होत्या, भांडी भरायची विसरून.

शेवटचे बिल आले तेव्हा त्यात पाया तीन मीटर होता. मोजमापाच्या वहीतले वाढीव खोदाईचे पान गायब होते.

मुलाला घर बिनशर्त देण्याचे कारण हे की मी त्याच्याकडून पुष्कळ घेतले आहे. त्या वेळी तो वीस वर्षांचा होता, बांधकामाच्या डिप्लोमाला होता. फीचे पैसे कोर्टाच्या खर्चात गेले आणि त्याने शिक्षण सोडून नोकरी धरली. एकदाही बोलून दाखवले नाही. हे मंडळाच्या खात्यावर टाकायला मला आवडले असते, पण फीचे पैसे कपाटातून मी काढले होते, मंडळाने नव्हे. तेव्हा हे माझ्याच नावावर राहू द्यावे. घर विकायचे असेल तर त्याने खुशाल विकावे. मात्र घेणाऱ्याला सांगावे की खालच्या खोलीची मागची भिंत पाडू नये. तिच्यावर वरचे सगळे उभे आहे.

२. बँकेतील ठेव

ठेव फार नाही. तिचे दोन भाग करावेत. एक मुलाला. दुसरा सुनेला, पण तो तिच्या हौसेसाठी नाही. नकला, टंकलेखन, प्रवास आणि वकीलबाईंची फी यासाठी आहे. वकीलबाईंनी गेली कित्येक वर्षे माझ्याकडे फी मागितलेली नाही. मी विचारले की म्हणतात, “शेवटी बघू.” त्यांचा शेवट माझ्या शेवटानंतर येणार असे दिसते, म्हणून ही तरतूद.

३. हत्यारे व अवजारे

काँक्रीट कालवायची दोन यंत्रे आणि ट्रक मी केव्हाच विकले. टाकीवरच्या मजुरांची मजुरी थकली होती आणि ती मंडळाने दिलेली नव्हती, म्हणून आम्ही देणार नाही असे कसे म्हणणार? मजूर मंडळाला ओळखत नव्हते, मला ओळखत होते. शेवटच्या माणसाची मजुरी चुकती झाली त्या दिवशी ट्रकची किल्ली मी घेणाऱ्याच्या हातात ठेवली आणि घरी चालत आले.

जे उरले ते असे: पातळी पाहायची दुर्बीण तिपाईसकट, एक काँक्रीट दाबायचे यंत्र, सेंटरिंगच्या चाळीस प्लेटा, दोन लांब शिड्या, आणि ह्यांची थापी व ओळंबा. हे सर्व मी आमच्या मुकादमाला देते. तीस वर्षे तो आमच्याबरोबर आहे. तो नको म्हणेल. त्याचे ऐकू नये. त्याला साक्षीदार करायचे माझ्या मनात होते, पण ज्याला काही द्यायचे त्याची साक्ष चालत नाही. त्याला विचारले तर म्हणाला, “मग मला साक्षीदारच करा बाई, काही देऊ नका.” त्याचेही ऐकले नाही.

४. मंडळाविरुद्धचा दावा

माझी खरी मिळकत ही आहे. हुकूमनामा, त्यावरचे व्याज, मंडळाने केलेले अपील, मी केलेले उलट अपील आणि त्यातून पुढे जे काही निघेल ते, हे सर्व हक्क मी माझ्या सुनेला देते. मुलाला नाही. मुलावर राग म्हणून नाही, हे वर घराच्या कलमावरून कोणालाही कळेल.

हा दावा कसा झाला ते थोडक्यात लिहिते, कारण सुनेला पुढे कोणी गोंधळात टाकू नये.

शेवटचे बिल आले त्या महिन्यात हे दवाखान्यात होते, हृदयाच्या दुखण्याने. मी त्यांच्या उशाशी होते. मंडळाच्या लेखा विभागाने पेढीच्या दुसऱ्या भागीदाराला, म्हणजे माझ्या धाकट्या दिराला बोलावले आणि त्याच्याकडून एका कागदावर सही घेतली. त्यावर लिहिले होते: पूर्ण व अंतिम रक्कम मिळाली, मंडळाकडून यापुढे काहीही येणे नाही. त्या बदल्यात तीन मीटरच्या हिशेबाचा धनादेश मिळाला. दीर तो घेऊन दवाखान्यात आला आणि ह्यांच्या उशाशी ठेवला. ह्यांनी तो वाचला, उलटा ठेवला आणि भिंतीकडे तोंड केले. पुढे सहा आठवडे ते जगले. त्या सहा आठवड्यांत ते कामाबद्दल एक अक्षर बोलले नाहीत. मी दिराशी बोलणे बंद केले ते त्या दिवसापासून.

हे गेल्यावर मी मंडळात गेले. लेखा विभागातल्या बाबूने विचारले, “तुम्ही कोण?” मी नोंदणीचा दाखला टेबलावर ठेवला. त्यात माझे नाव पहिले होते. तो वाचून म्हणाला, येणे नाही असे तुम्हीच लिहून दिले आहे, आता कोर्टात जा. मी म्हणाले, बरे. त्याला वाटले मी रागाने म्हणाले. मी सल्ला म्हणून घेतला.

पहिल्या वकिलांनी घाई केली आणि थेट उच्च न्यायालयात रिट अर्ज लावला. तिथे दीड वर्षाने न्यायमूर्तींनी सांगितले की पाया किती खोल आहे, आदेश कोणी दिला, हे पुराव्याचे प्रश्न आहेत, ते इथे तपासता येत नाहीत, दिवाणी दावा करा. चुकीचे दार वाजवत बसलो होतो. त्या दाराशी माझी मुदत संपत आली होती. मंडळाचे लोक खूश झाले. मग मी वकीलबाईंकडे गेले. त्यांनी सगळी कागदपत्रे दोन दिवस वाचली आणि सांगितले की चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे घालवलेला काळ मुदतीतून वजा होतो. मी विचारले, प्रामाणिकपणे घालवला हे कशावरून? त्या म्हणाल्या, “तुमच्याकडे बघून.” नंतर त्यांनी कायदाही दाखवला, पण मला पहिले उत्तर पुरले होते.

दाव्यात मंडळाचे म्हणणे असे की पाया तीनच मीटर आहे, उरलेला बाईच्या डोक्यात आहे. चष्मेवाले अभियंते साक्षीला आले. वकीलबाईंनी विचारले, खड्ड्याची माती पाहायला तुम्ही आला होतात का? म्हणाले, आठवत नाही. खाली जायला सांगितले होते का? आठवत नाही. मोजमापाच्या वहीतले पान कुठे गेले? आठवत नाही. नोकरीत चार बढत्या मिळाल्या त्या मात्र त्यांना तारखेसह आठवत होत्या.

तेव्हा वकीलबाईंनी अर्ज केला की साक्षीदाराला आठवत नसेल तर पायालाच विचारावे. न्यायाधीशांनी पाहणीसाठी एक निवृत्त अभियंता कोर्ट कमिशनर म्हणून नेमला. मंडळाने हरकत घेतली की बाजूला खणले तर टाकीला धोका होईल. न्यायाधीश म्हणाले, हाताने खणा, फळ्या लावून खणा, एका माणसापुरते खणा.

मुकादमाने आपली चार माणसे आणली. तीन दिवस लागले. चौथ्या दिवशी सकाळी कमिशनर, मंडळाचे दोन अधिकारी, त्यांचे वकील आणि आमच्या वकीलबाई खड्ड्याभोवती उभ्या होत्या. टेप घेऊन खाली कोणी उतरायचे यावर चर्चा सुरू झाली. मी पदर खोचला आणि शिडीवर पाय ठेवला. तेव्हा मी त्रेसष्ट वर्षांची होते. मंडळाचे वकील म्हणाले, वादीने स्वतः कशाला? कमिशनर म्हणाले, टेपला वादी-प्रतिवादी कळत नाही, उतरू द्या.

खाली गारवा होता. काँक्रीटवर फळ्यांचे ठसे जसेच्या तसे होते, लाकडाच्या रेषांसकट. एका फळीला गाठ होती, तिचाही ठसा होता. ती फळी ह्यांनी तीन कामांवर वापरली होती आणि मी प्रत्येक वेळी म्हणत असे की ही गाठ निसटून पडेल, फेकून द्या. तिथे हात ठेवला आणि मला काही वेळ वरचे ऐकूच आले नाही. मुकादमाने दोनदा हाक मारली. मग मी टेपचे शून्य कातळावर टेकवले आणि घट्ट धरले. वरून कमिशनरांनी वाचले, “पाच मीटर वीस.” मग त्यांनी मंडळाच्या अधिकाऱ्याला बोलावून त्यालाही वाचायला लावले, मोठ्याने.

राहिला तो सहीचा कागद. त्यासाठी मंडळाने माझ्या दिरालाच आपला साक्षीदार म्हणून बोलावले. त्याबद्दल स्वतंत्र कलम आहे.

निकाल माझ्यासारखा लागला. न्यायाधीशांनी लिहिले की दबावाखाली घेतलेल्या पावतीने हक्क बुडत नाही. आणि लेखी आदेश नसला तरी मंडळाने काम घेतले, वापरले, त्या पायावर आज टाकी उभी आहे; जे काम फुकट म्हणून केलेले नव्हते आणि ज्याचा लाभ घेतला, त्याचा मोबदला द्यावा लागतो. या कलमाचा आकडा मला पाठ नाही, अर्थ पाठ आहे. सुनेने दोन्ही पाठ केले आहेत.

मंडळाने अपील केले आणि एक पैसा भरला नाही. नुसत्या अपिलाने वसुली थांबत नाही हे त्यांना ठाऊक होते, पण मलाही ठाऊक असेल असे त्यांना वाटले नाही. आम्ही वसुलीची दरखास्त लावली. जप्तीचे वॉरंट घेऊन बेलीफ मंडळात गेला, सोबत मी आणि सून. बेलीफ अगदी किरकोळ अंगाचा माणूस, आवाजही बारीक. त्याने मोठ्या साहेबांना उठायची विनंती केली, त्यांची खुर्ची, दोन कपाटे आणि खाली उभी असलेली गाडी लिहून घेतली. साहेब खिडकीशी उभे राहून फोन करत होते. मी त्या खुर्चीत बसून पाहिले. पाठीला टेकण नीट नव्हते. दुपारी तीन वाजेपर्यंत मंडळाने अर्धी रक्कम कोर्टात भरली, उरलेल्या अर्ध्याला स्थगिती मिळाली, आणि तेव्हापासून अपील पडून आहे. व्याज कमी धरले म्हणून माझे उलट अपीलही त्याच्याशेजारी पडून आहे.

दोन महिन्यांपूर्वी मंडळाचे एक अधिकारी घरी आले. नवे, सभ्य माणूस. वरच्या पुढच्या खोलीत बसले, पाणी घेतले. म्हणाले, मुद्दल पूर्ण देतो, एका महिन्यात. व्याज सोडा, अपिले दोघेही मागे घेऊ. मुलगा माझ्याकडे पाहत होता. मी कागद वाचायला मागितला. त्यात एक वाक्य होते: वाढीव खोदाई ठेकेदाराने स्वतःच्या मर्जीने केली, मंडळाचा तसा आदेश नव्हता, आता मंडळाकडून काहीही येणे नाही.

मी म्हणाले, “हे एक वाक्य काढा. अर्धं व्याज मी इथेच सोडते.”

ते ओशाळले. “तेवढंच काढता येत नाही, बाई. ऑडिटला काय उत्तर देणार?”

“मग सगळं व्याज सोडते. वाक्य काढा.”

“नाही जमणार.”

“म्हणजे तुम्हाला पैशापेक्षा ते वाक्य महाग आहे,” मी म्हणाले. “मलाही.”

ते गेल्यावर मुलाने पाण्याचा रिकामा पेला उचलला. मग म्हणाला, “आई, बाबांना काय फरक पडणार आहे आता? तू जिंकशील तेव्हा मी चाळिशी ओलांडलेली असेन. मला एकदा तरी असा दिवस हवाय की जेवताना कोर्टाचा विषय निघाला नाही.” त्याचे म्हणणे खोटे नाही. मी त्याला तसे सांगितले. पण ते वाक्य मी लिहून दिले तर कागदावर एवढेच उरेल की एक गवंडी मनाला येईल तसे खणत सुटला आणि त्याची बायको नंतर पैसे मागत हिंडली. अशा कागदाखाली सही करून मला मरायचे नाही.

सून स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. सात वर्षे ती मला स्कूटरवर मागे बसवून कोर्टात नेते आणि बाहेरच्या बाकावर बसून फाईल वाचते. तिने एवढेच म्हटले, “आई, सही करणार असाल तर मी काही म्हणणार नाही. करणार नसाल, तर तुमच्यामागे मी आहे.” मग मुलाकडे वळून म्हणाली, “आणि जेवताना विषय काढायचा नाही, हे आजपासून ठरलं.” ते तिने पाळले आहे. आता आम्ही चहाच्या वेळी बोलतो.

म्हणून दावा तिला. तडजोड करायला तिला पूर्ण मोकळीक आहे. व्याज सोडावे, मुद्दलातले काही सोडावे, तिला योग्य वाटेल ते करावे. फक्त ते वाक्य, किंवा त्याच अर्थाचे दुसरे, कोणत्याही कागदावर येऊ देऊ नये. आणि नुसता कंटाळा आला म्हणून दावा मागे घेऊ नये. वकीलबाई सांगतात की मी गेल्यावर नव्वद दिवसांत वारसाचे नाव माझ्या उलट अपिलात लावावे लागते, नाहीतर ते आपोआप संपते. मंडळाच्या अपिलात तीच धावपळ मंडळाला करावी लागेल. माझ्यामुळे त्यांना एकदा तरी वेळेत काहीतरी करावे लागेल, याचे मला समाधान आहे.

५. धाकटा दीर

हे कलम मी तीनदा लिहून खोडले. वकीलबाईंना कच्च्या कागदावर ते दिसेल, पक्क्यावर दिसणार नाही.

सहीनंतर तो पेढीतून निघून गेला आणि मंडळाचीच फुटकळ कामे घेऊ लागला, नळजोडण्या, झडपांच्या चौकोनी विहिरी, असली. मी समजायचे ते समजले. मंडळाने त्याला साक्षीला आणले तेव्हा तो नव्या शर्टात होता आणि माझ्याकडे पाहत नव्हता. मंडळाच्या वकिलांनी कागद दाखवला. सही तुमची? माझीच. राजीखुशीने केलीत?

त्याने तो कागद हातात घेऊन उलटसुलट पाहिला. मग तो म्हणाला, “सही माझी आहे साहेब. राजी मी नव्हतो, आणि खुशी तिथे कुणालाच नव्हती. कागद तेव्हा कोरा होता. म्हणाले, सही कर, मजुरांचे पैसे आज सुटतील, नाहीतर फाईल परत खाली जाईल. मजूर दाराशी बसले होते. भाऊ दवाखान्यात होता. मी केली.”

मंडळाच्या वकिलांनी त्याला बसायला सांगितले. वकीलबाईंनी फक्त एक प्रश्न विचारला: हे बोलल्यावर मंडळ तुम्हाला पुन्हा काम देईल असं वाटतं का? तो म्हणाला, नाही. त्याचे खरे झाले. महिन्याभरात त्याचे नाव यादीतून गेले, कारण ‘कामाचा दर्जा’. आज तो दुसऱ्याच्या दुकानात रंगाचे डबे विकतो.

त्या दिवशी कोर्टाच्या पायऱ्यांवर तो माझी वाट पाहत थांबला होता. “वहिनी,” एवढेच म्हणाला. मी त्याच्या शेजारून खाली उतरून गेले. आठ वर्षांचे न बोलणे असे पाय धरून ठेवते. थांबायला हवे होते. थांबले नाही. ही माझी चूक आहे आणि ती मी साक्षीदारांसमोर लिहून देत आहे. त्याच्यावरही साक्षीदारांसमोरच बोलायची पाळी आली होती.

दाव्यातून जे काही येईल त्यातले चार आणे त्याचे. सुनेने ते इतर कोणालाही काही देण्याआधी काढून त्याला द्यावेत. तो म्हणेल की मी तर भागीदारी सोडली होती. त्याला सांगावे की भागीदारी सोडल्याचा कागद वहिनीने कधी मंडळात दाखल केलाच नाही. सुनेला असे वाटते की हे लिहून झाले की मी त्याला फोन करणार. तिला वाटू द्यावे.

६. ज्यांना काही दिलेले नाही

चष्मेवाल्या अभियंत्याला मी काही देत नाही, विसरून नव्हे, आठवून. ते आता निवृत्त आहेत आणि वरच्या वस्तीतच राहतात, असे कळते. त्यांच्या घरी सकाळ-संध्याकाळ पाणी आमच्या टाकीचे येते. तेवढे पुरे.

पाणीपुरवठा मंडळाला मी काहीही सोडत नाही. एक दिवसाचे व्याजसुद्धा नाही. सोडायचे तर ते सून सोडील, तिच्या मर्जीने व तिच्या अटीवर.

७. व्यवस्था

या मृत्युपत्राची अंमलबजावणी वकीलबाईंनी करावी. मी गेल्याचे त्यांनी कोर्टाला त्याच आठवड्यात लेखी कळवावे व सोबत या कागदाची नक्कल जोडावी.

आजवर या प्रकरणात मंडळाने एकशे बारा तारखा मागून घेतल्या. कधी वकील आजारी, कधी फाईल सापडत नाही, कधी साहेब दौऱ्यावर. मी एकही मागितली नाही. हे ज्या दिवशी गेले त्याच्या नवव्या दिवशी मी मंडळाच्या दारात होते. तेव्हा माझ्या मृत्यूच्या कारणाने माझ्या बाजूने कोणीही पुढची तारीख मागू नये. सुनावणी त्या दिवशी असेल तर सुनेने त्या दिवशी हजर राहावे, आणि पुकारा झाला की उभे राहून सांगावे: वादीतर्फे हजर आहे.

येणेप्रमाणे हे मृत्युपत्र मी वाचून, समजून, जिथे खोडले तिथे आद्याक्षरे करून, राजीही आहे आणि खुशीतही आहे अशा मनाने पुढे सही करून पूर्ण केले.

(सही) लिहून ठेवणार, नोंदणीकृत ठेकेदार

वरील बाईंनी आमच्या दोघांच्या समोर सही केली आणि आम्ही त्यांच्या व एकमेकांच्या समोर सही केली. या मृत्युपत्रात आम्हा दोघांपैकी कोणालाही काही मिळत नाही.

साक्षीदार पहिले: (सही) डॉक्टर, खालच्या चौकातला दवाखाना. बाईंची तपासणी आज सकाळी केली. स्मरणशक्ती उत्तम.

साक्षीदार दुसरे: (सही) शेजारचे लेथ कारखानदार.

स्थळ: राहते घर, वरच्या मजल्यावरची पुढची खोली.

दिनांक: मंगळवार, ९ मार्च. वेळ दुपारी सव्वाबारा.